सोंगाड्याची वाट : नायगावच्या चाळीपासून रौप्यमहोत्सवापर्यंत

द्रुतगती महामार्ग अस्तित्वात नव्हता तेव्हा मुंबईहून पुण्याकडे जाणाऱ्या प्रत्येक नाटक कंपनीची गाडी चौक, खालापूर, खोपोली या मार्गानेच बोरघाट चढत असे. रात्रीचा प्रयोग आटोपून कंपनी गाडीत बसायची आणि नेपथ्य, पेट्या, ढोलकी व झोपलेले नट घेऊन ती पहाटे घाट ओलांडायची. १९६५ नंतरची काही वर्षे या वाटेवरून एका लोकनाट्याचा संच पुन्हा पुन्हा गेला. त्या लोकनाट्याचे नाव 'विच्छा माझी पुरी करा' आणि त्यातील हवालदाराचे नाव दादा कोंडके.

मराठी प्रेक्षकाच्या आठवणीत दादा कोंडके आहेत ते चित्रपटांतले. ढगळ चड्डी, तिची लोंबणारी नाडी, भाबडा चेहरा आणि ओठांवर असे वाक्य, की ज्याचा एक अर्थ सभ्य आणि दुसरा ऐकणाऱ्यावर सोडलेला. चित्रपटात येण्यापूर्वी मात्र हा माणूस रंगमंचावरचा सोंगाड्या होता, आणि चित्रपटात गेल्यावरही सोंगाड्याच राहिला. त्यांच्या कारकिर्दीचा अर्थ लावायचा तर आधी सोंगाड्या म्हणजे कोण, हे पाहावे लागते.

बतावणीचा धनी

तमाशाचा खेळ ठरलेल्या क्रमाने चालतो. आरंभी गणेशाला आवाहन करणारा गण, मग गवळण, त्यानंतर बतावणी आणि लावण्यांची रंगबाजी, आणि शेवटी वग, म्हणजे सलग कथानक असलेले नाट्य. वग हा या क्रमातला तुलनेने अलीकडचा भाग. उमा-बाबाजी सावळजकर यांचा १८६५ मधील 'मोहना-बटाव' हा पहिला वग मानला जातो. सोंगाड्या त्याहून जुना आहे.

गवळणीत तो कृष्णाचा सवंगडी पेंद्या असतो. मथुरेच्या बाजाराला निघालेल्या गवळणी, त्यांच्यासोबत पुरुषाने केलेली मावशी, आणि वाट अडवून दाण मागणारा कृष्ण, एवढ्या सामग्रीवर तो हवा तेवढा वेळ हशा पिकवू शकतो. बतावणीत त्याला साथीदार मिळतो आणि दोघांची सवालजबाबाच्या चालीने जुंपते. वगात तो राजाचा शिपाई असतो, सावकाराचा गडी असतो, कधी नुसताच वाटसरू. कामे बदलली तरी त्याचा अधिकार एकच : राजाला, प्रधानाला, कोतवालाला आणि समोर पुढच्या रांगेत बसलेल्या पाटलालाही तो तोंडावर बोलू शकतो. बोलणे वेड्याचे आहे अशी सर्वांची समजूत असते आणि त्या समजुतीचा लाभ तो पुरेपूर उठवतो.

युरोप-अमेरिकेत याच जातीच्या कलावंतांसाठी म्युझिक हॉल आणि व्हॉडव्हिल ही रंगमंदिरे होती. एका तिकिटात गाणे, नाच, कसरती आणि विनोदी नकला, प्रत्येकाला मोजकी मिनिटे, आणि प्रेक्षक हसला नाही तर पुढच्या आठवड्यात काम नाही. चार्ली चॅप्लिन तेथून आला. फ्रेड कार्नोच्या इंग्लिश संचाबरोबर तो अमेरिकेच्या दौऱ्यावर गेला आणि तेथेच १९१३ मध्ये चित्रपटाच्या नोकरीला लागला. बस्टर कीटन लहानपणापासून आईवडिलांच्या खेळात उभा राहत असे. मार्क्स बंधूही याच रंगमंचावर घडले. पुढे बोलपट आला आणि १९३० च्या दशकात व्हॉडव्हिलची रंगमंदिरे एकामागून एक चित्रपटगृहे झाली. विनोदी नट पडद्यावर गेले आणि त्यांना घडवणारा रंगमंच मागे विझला. दादा कोंडके यांचा प्रवास या वाटेशी बराच मिळताजुळता आहे. फरक एवढाच, की महाराष्ट्रातील तंबू विझला नाही. पडद्याची भरभराट झाली तरी तो आपल्या हालांसह चालूच राहिला.

गिरणगावचा मुलगा

कृष्णा खंडेराव कोंडके यांचा जन्म ८ ऑगस्ट १९३२ चा, मुंबईतील नायगावचा. मूळ गाव भोरजवळचे इंगवली. चाळीत बालपण गेले. आसपासची घरे गिरणीकामगारांची होती. कोकणातून, घाटावरून आणि कुलाबा जिल्ह्यातून (आजच्या रायगडातून) आलेल्या माणसांनी ही वस्ती भरलेली. गणपतीत, शिमग्याला, सत्यनारायणाला तेथे भजने, शाहिरी, नमन, तमाशा सारेच होत असे. गावाकडचे रंजन शहराच्या चाळीत जिवंत ठेवणाऱ्या या वस्तीने मराठी रंगभूमीला जे दिले त्याचा हिशेब नाट्यसंमेलनांच्या भाषणांत क्वचितच होतो.

कोंडके यांनी 'अपना बाजार'मध्ये दरमहा साठ रुपयांवर नोकरी केली. फावल्या वेळात बँडपथक होते. त्याच सुमारास वर्षभरात घरातील काही जवळची माणसे एकापाठोपाठ गेली. त्या आघातानंतर आपण हसण्याच्या आणि हसवण्याच्या बाजूला वळलो, असे ते सांगत. विनोदी नटांच्या चरित्रांत असे वाक्य हमखास आढळते म्हणून ते खोटे ठरत नाही. सोंगाड्या होण्याचे ते एकमेव कारण मानणे मात्र भाबडेपणाचे होईल. कारण राष्ट्र सेवा दलाच्या सांस्कृतिक कामाशी त्यांचा संबंध जुळला होता आणि तेथे एक वेगळीच शाळा चालू होती.

स्वातंत्र्याच्या आगेमागे तमाशाकडे सुशिक्षितांचे लक्ष गेले ते दोन दिशांनी. अण्णा भाऊ साठे, अमर शेख आणि गव्हाणकर यांच्या लाल बावटा कलापथकाने गण ठेवला पण त्यातील देव बदलला. वंदन मातृभूमीला आणि श्रमिकाला होऊ लागले. सेवा दलाच्या कलापथकासाठी पु. ल. देशपांडे यांनी 'पुढारी पाहिजे' लिहिले. पुढे शाहीर साबळे यांनी 'यमराज्यात एक रात्र', 'आंधळं दळतंय' यांसारखी मुक्तनाट्ये गाजवली. दुसरीकडे त्याच काळात मुंबई सरकारने अश्लीलतेच्या कारणावरून तमाशावर बंदी घातली आणि ती उठवताना संहिता तपासून घेण्याची अट ठेवली. 'लोकनाट्य' हा सोवळा शब्द रुळला त्यामागे ही दोन्ही कारणे आहेत. तमाशाचे अंग तेच, पण त्यावर नाट्यगृहाचे कापड.

कोंडके कोणत्याही फडात उमेदवारी करून आलेले नव्हते. ते या नव्या लोकनाट्यातून आले. ही गोष्ट त्यांच्या यशाचा विचार करताना विसरली जाते.

छपरी पलंग आणि दीड हजार प्रयोग

'खणखणपूरचा राजा' या लोकनाट्यातील त्यांचे काम वसंत सबनीस यांनी पाहिले होते. स्वतःचा संच उभा करून कोंडके त्यांच्याकडे संहितेसाठी गेले आणि सबनीसांनी मानधन न घेता 'विच्छा माझी पुरी करा' दिले. त्यातील मूळ वग छपरी पलंगाचा. राज्यात कोतवालाची जागा रिकामी होते. ती आपल्याला मिळावी ही हवालदाराची रास्त अपेक्षा. परंतु प्रधान ती आपल्या नातलगाला देऊन टाकतो. हवालदाराची प्रेयसी मैनावती नव्या कोतवालाला भुलवते आणि राजाचा छपरी पलंग मागते. तो पलंग चोरतो आणि अलगद सापडतो.

कथा एवढीशी, पण ती रिकाम्या जागेवर आधारलेली आहे. बढती डावलली गेलेला शिपाई आणि वशिल्याने खुर्चीवर बसलेला अधिकारी ही जोडी कोणत्याही तालुक्याच्या गावात आणि कोणत्याही वर्षी ओळखीची. त्यामुळे दिवसाच्या बातमीला त्यात सहज जागा मिळे. सकाळच्या वर्तमानपत्रातील मजकूर रात्री हवालदाराच्या तोंडी येई. ज्या गावी प्रयोग त्या गावचा रस्ता, पाणी, पुढारी यांचा उद्धार होई. सत्ताधारी काँग्रेस आणि इंदिरा गांधी हे त्यांचे आवडते लक्ष्य होते. प्रेक्षक रंगला तर प्रयोग लांबे, तो थंड असेल तर हात आवरता घेतला जाई. हे स्वातंत्र्य नटाला कसे मिळते? वगाची जुनी रचनाच तशी आहे. शाहिराचे गाणे कथानक पुढे नेते, आणि दोन गाण्यांच्या मधली मोकळी जमीन सोंगाड्याची. गाणे सुरू झाले की त्याने ठरल्या जागी परतावे, एवढीच अट.

या लोकनाट्याचे दीड हजारांहून अधिक प्रयोग झाले. सबनीसांची छापील संहिता आज हाती घेतली तर तीत चोख नाटक सापडते. मात्र त्या दीड हजार रात्रींपैकी फार थोडे. हजरजबाबी रंगमंचाचे हे दुखणे जगभर सारखेच आहे. 'विच्छा'चे पुढे 'सैंया भये कोतवाल' या नावाने हिंदीत रूपांतर झाले आणि तेही रंगभूमीवर गाजले, यावरून सबनीसांच्या बांधणीची ताकद कळते. हवालदाराचे श्रेय वाटून घ्यायचे झाले तर ते नटाइतकेच लेखकालाही द्यावे लागेल.

पडद्यावरचा तमाशा

भालजी पेंढारकरांनी कोंडके यांना 'तांबडी माती'मध्ये काम दिले. १९६९ च्या या चित्रपटाला उत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. पण त्यांची खरी उडी दोन वर्षांनंतरची. १९७१ मध्ये त्यांनी स्वतः 'सोंगाड्या'ची निर्मिती केली. कथा पुन्हा सबनीसांची, दिग्दर्शन गोविंद कुलकर्णी यांचे. तमाशातील कलावतीवर जीव जडलेला भोळा नाम्या त्यांनी रंगवला. कलावती उषा चव्हाण, नाम्याची आई रत्नमाला, सोबत निळू फुले आणि गणपत पाटील.

दादरच्या कोहिनूर चित्रपटगृहात 'सोंगाड्या' लागण्यावरून झालेला वाद प्रसिद्ध आहे. चित्रपटगृहाला त्याऐवजी देव आनंद यांचा 'तेरे मेरे सपने' हवा होता. कोंडके बाळासाहेब ठाकरे यांच्याकडे गेले, शिवसैनिक रस्त्यावर उतरले आणि चित्रपट लागला. त्या वेळी पाच वर्षांच्या असलेल्या शिवसेनेला मराठी माणसाच्या हक्काचे एक डोळ्यांना दिसणारे उदाहरण मिळाले आणि कोंडके यांना आयुष्यभराचा राजकीय स्नेह. पुढे ग्रामीण भागात शिवसेनेच्या सभांना गर्दी जमवणारे वक्ते म्हणून ते फिरले. राजाला तोंडावर बोलणारा सोंगाड्या एका पक्षाच्या व्यासपीठावर बसला, तेव्हा त्याच्या टीकेची एक दिशा कायमची ठरून गेली, हेही नोंदवायला हवे.

त्यानंतर 'एकटा जीव सदाशिव' (१९७२), 'आंधळा मारतो डोळा' (१९७३), 'पांडू हवालदार' (१९७५), 'तुमचं आमचं जमलं' (१९७६), 'राम राम गंगाराम' (१९७७), 'बोट लावीन तिथं गुदगुल्या' (१९७८) अशी रांग लागली. त्यांच्या नऊ चित्रपटांनी रौप्यमहोत्सव केल्याची नोंद गिनीज बुकात झाली. रौप्यमहोत्सव म्हणजे सलग पंचवीस आठवडे. मुंबई-पुण्यात ही मुदत पुरी होत असतानाच प्रती जिल्ह्याच्या ठिकाणी, मग तालुक्याला आणि अखेरीस फिरत्या तंबूतील टॉकीजमध्ये जात. कार्तिकात साजगावच्या बोंबल्या विठोबाची यात्रा भरते, तशा यात्राजत्रांना लोटणारा मराठी माणूस हाच त्यांचा ठरलेला प्रेक्षक होता.

माणसे जोडण्याची त्यांची रीत फडाच्या मालकासारखी होती. नायिका उषा चव्हाण, आवाज महेंद्र कपूर आणि उषा मंगेशकर यांचे, आई रत्नमाला. फडात जशी माणसे वर्षानुवर्षे तीच राहतात, प्रेक्षक त्यांना नावाने ओळखतो, तसेच येथे. संगीत प्रथम राम कदम यांचे होते. 'पांडू हवालदार'साठी त्यांनी सुरेंद्र आणि विजय पाटील या दोघांना घेतले व जोडीला 'राम-लक्ष्मण' हे नाव दिले. राम लवकर गेले; विजय पाटील यांनी जोडीचे नाव तसेच ठेवले आणि पुढे 'मैंने प्यार किया' व 'हम आपके हैं कौन' यांचे संगीत त्याच नावाने दिले. त्यांचे निधन २०२१ मध्ये झाले. अशोक सराफ यांनाही मोठी ओळख मिळाली ती 'पांडू हवालदार'मुळेच.

दोन अर्थांची जागा

कोंडके यांच्यावरचा मुख्य आक्षेप द्व्यर्थी संवादांचा. सेन्सॉर मंडळाशी त्यांचे खटके उडत. त्यांचे म्हणणे असे, की वाक्य सरळ आहे, वाकडा अर्थ ऐकणाऱ्याच्या मनात आहे, तेव्हा कात्री कोणाला लावणार? हा युक्तिवाद हुशारीचा होता. पूर्ण प्रामाणिक होता असे म्हणता येणार नाही. वाकडा अर्थ ऐकू यावा म्हणूनच तर ते वाक्य तसे बेतलेले असे. पण या विनोदाची रीत समजून घेण्याजोगी आहे. बोलणाऱ्याला दुसरा अर्थ कळलेलाच नाही, असे त्याच्या चेहऱ्यावर दिसले पाहिजे. तो जरा जरी हसला तर विनोद मरतो आणि नुसती अश्लीलता उरते. कोंडके तो निष्पापपणा वर्षानुवर्षे टिकवू शकले. शेती, गुरे, विहीर, भाजीपाला यांच्या रूपकांतून शृंगार बोलण्याची लावणीची जुनी पद्धत त्यांच्या पाठीशी होतीच. एरवी लावणीच्या अभ्यासाला मान देणारे याच रूपकांना पडद्यावर पाहून नाक मुरडत. त्यात भाषेच्या शुद्धतेपेक्षा वर्गाचा भाग अधिक होता.

सत्तेची भीती या विनोदाला नेहमीच होती. 'राम राम गंगाराम'चे मूळ नाव 'गंगाराम वीसकलमी' होते. आणीबाणीत वीसकलमी कार्यक्रमाची अशी चेष्टा चालण्यासारखी नव्हती. नाव बदलले, कात्रीही लागली.

तथापि आक्षेपाची दुसरी बाजू खरी आहे. 'विच्छा'तील द्व्यर्थी वाक्य कोतवालाला उघडे पाडण्यासाठी येते. तेथे मैनावती ही डाव रचणारी, सर्वांत शहाणी व्यक्ती आहे. नंतरच्या चित्रपटांत विनोदाचे लक्ष्य अधिकाधिक नायिकेचे शरीर होत गेले आणि अधिकारी, सावकार, पुढारी मागे पडले. १९८० च्या दशकातील हिंदी चित्रपटांत तर शीर्षकच सारा विनोद करून टाकी. सोंगाड्यातून राजा वजा केला की उरते ते थोडे असते. ज्यांनी त्यांना केवळ याच चित्रपटांवरून जोखले त्यांनी अन्याय केला, पण त्याची संधी कोंडके यांनीच दिली.

प्रेक्षकही पालटत होता. १९८२ च्या संपानंतर गिरणगाव ओसरू लागले, दूरचित्रवाणी घरोघरी आली आणि १९९० च्या दशकात तिच्यामागोमाग केबल. 'पळवा पळवी', 'येऊ का घरात', 'सासरचं धोतर' हे चित्रपट आले, मात्र पूर्वीचा जोर दिसला नाही. १४ मार्च १९९८ रोजी मुंबईत हृदयविकाराच्या झटक्याने दादा कोंडके यांचे निधन झाले. अनिता पाध्ये यांनी शब्दबद्ध केलेले त्यांचे आत्मकथन 'एकटा जीव' या नावाने प्रसिद्ध आहे.

तंबूत राहिलेले

कोंडके पडद्यावर हवालदार झाले त्या काळात सांगली जिल्ह्यातील कवलापूरचे दोन जुळे भाऊही हवालदारच करीत होते. लहू आणि अंकुश खाडे ही त्यांची खरी नावे. 'जहरी प्याला' या वगातील कामांमुळे महाराष्ट्राने त्यांना काळू-बाळू म्हणूनच ओळखले. दिसायला इतके सारखे, की कोण कोणता हा प्रश्नच त्यांचे भांडवल. इंदुरीचे दादू इंदुरीकर 'गाढवाचं लग्न'मधील सावळ्या कुंभारासाठी असेच गाजले. हे फडात वाढलेले, परंपरेने ही कला सांभाळणाऱ्या समाजांतून आलेले कलावंत. सन्मान त्यांच्याही वाट्याला आले. पण त्यांचे पोट होते कनातीत, सुपारीवर, जत्रेच्या हंगामावर आणि पाऊस कधी उघडेल यावर. लोकनाट्याच्या नावाखाली तमाशातील विनोद नाट्यगृहात आणि तेथून पडद्यावर गेला, त्याचा पैसा तंबूपर्यंत फारसा परतला नाही. कोंडके यांना त्याचा दोष देता येणार नाही. त्यांनी तमाशाला पडद्यावर नायकपद दिले, आणि तेही तमाशापटात सोंगाड्या हा नायकाचा केवळ मित्र असे, त्या काळात.

'एकटा जीव सदाशिव'वरून २००० मध्ये गोविंदा यांना घेऊन 'जिस देश में गंगा रहता है' हा हिंदी चित्रपट निघाला. डिसेंबर २०२१ मध्ये विजू माने यांचा 'पांडू' प्रदर्शित झाला, तो दादांना वाहिलेली आदरांजली म्हणूनच. त्यात हवालदाराचा पोशाख चढवला होता भाऊ कदम आणि कुशल बद्रिके यांनी. या दोघांची ओळख घराघरांत पोहोचली होती ती दूरचित्रवाणीवरील विनोदी प्रहसनांच्या कार्यक्रमातून, जेथे प्रत्येक जोडीला मोजकी मिनिटे मिळतात आणि समोर बसलेल्यांना त्या मिनिटांतच हसवावे लागते.